लॅपटॉपच्या बॅटरीची क्षमता का घटते?

नवी असताना चार-पाच तास पुरणारी लॅपटॉपची बॅटरी दोन-तीन वर्षांत तासाभरातच मान टाकते, हा अनुभव सार्वत्रिक आहे. ही झीज बॅटरीच्या रासायनिक रचनेतच असून ती पूर्णपणे थांबविता येत नाही. तिचा वेग मात्र बऱ्याच अंशी वापरणाऱ्याच्या हाती असतो.

लॅपटॉपमध्ये लिथियम-आयन प्रकारची बॅटरी असते. सोनी कंपनीने १९९१ मध्ये ती प्रथम बाजारात आणली. तिच्या विकासासाठी जॉन गुडइनफ, स्टॅनली व्हिटिंगहॅम आणि अकिरा योशिनो यांना २०१९ चे रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक विभागून देण्यात आले. चार्जिंग होताना लिथियमचे आयन धन ध्रुवाकडून निघून ऋण ध्रुवावरील ग्रॅफाइटच्या थरांत शिरतात आणि वापराच्या वेळी परत फिरतात. पहिल्याच चार्जिंगमध्ये ग्रॅफाइटवर एक अतिशय पातळ पापुद्रा तयार होतो. तो आवश्यकच असतो, कारण आतील द्रावणाचे विघटन तो रोखतो. परंतु पुढे तो सावकाश जाड होत जातो आणि त्यात अडकलेले लिथियम पुन्हा कामी येत नाही. क्षमता घटण्याचे हे प्रमुख कारण होय. त्याचबरोबर बॅटरीचा अंतर्गत रोधही वाढतो. त्यामुळेच पडद्यावर पंधरा-वीस टक्के शिल्लक दिसत असताना जुना लॅपटॉप अचानक बंद पडतो.

ही प्रक्रिया दोन गोष्टींमुळे वेग घेते: उष्णता आणि सतत पूर्ण भरलेली अवस्था. सुमारे ४० टक्के भरलेली बॅटरी २५ अंश सेल्सियस तापमानात वर्षभर नुसती ठेवली, तर साधारण ४ टक्के क्षमता जाते. तीच पूर्ण भरून ४० अंशांत ठेवल्यास घट ३५ टक्क्यांच्या घरात पोहोचू शकते. उत्तर भारतात किंवा विदर्भात मे महिन्यात हे तापमान नित्याचेच असते. तेव्हा उन्हात उभ्या मोटारीत लॅपटॉप विसरणे, किंवा तो गादीवर ठेवून हवेची छिद्रे बंद करणे, हे बॅटरीसाठी नुकसानकारक ठरते. लडाखसारख्या प्रदेशात काळजी उलटी घ्यावी लागते. शून्याखालील तापमानात चार्जिंग केल्यास ग्रॅफाइटवर धातुरूप लिथियम साचते, म्हणून गारठलेला लॅपटॉप आधी खोलीच्या तापमानाला येऊ द्यावा.

बॅटरी पूर्ण संपवूनच चार्ज करावी, हा समज निकेल-कॅडमियम बॅटऱ्यांच्या काळातला आहे. लिथियम-आयनला तो लागू नाही. उलट ती वारंवार शून्यापर्यंत नेल्यास आयुष्य कमी होते. अधूनमधून पूर्ण चार्ज-डिस्चार्ज केल्याने टक्केवारीचा अंदाज सुधारतो, गेलेली क्षमता मात्र परत येत नाही. साधारणपणे ३०० ते ५०० पूर्ण आवर्तनांनंतर मूळच्या ८० टक्के क्षमता उरते. काही लॅपटॉपच्या बॅटऱ्या १००० आवर्तनांपर्यंत टिकतात. दोनदा निम्मी-निम्मी वापरली तरी आवर्तन एकच मोजले जाते.

लॅपटॉप दिवसभर टेबलावर, विजेला जोडूनच वापरला जात असेल, तर चार्जिंग ८० टक्क्यांवर थांबविण्याची सोय चालू करावी. अनेक कंपन्यांनी ती दिलेली असते, पण फार थोडे लोक वापरतात. काही महिने लॅपटॉप वापरायचा नसेल, तर बॅटरी निम्मी भरून तो थंड, कोरड्या जागी ठेवावा.

लॅपटॉपचा तळ किंवा टचपॅड वर उचललेला दिसला, तर बॅटरी फुगली असे समजावे. तिच्यात वायू साचलेला असतो. अशा वेळी चार्जिंग तत्काळ बंद करावे. बॅटरी दाबू किंवा टोचू नये, कारण आग लागण्याचा धोका असतो. ती काढण्याचे काम सेवा केंद्रावर सोपवावे. जुनी बॅटरी घरच्या कचऱ्यात टाकू नये. केंद्र सरकारच्या २०२२ च्या बॅटरी कचरा व्यवस्थापन नियमांनुसार वापरलेल्या बॅटऱ्यांचे संकलन आणि पुनर्चक्रण करण्याची जबाबदारी उत्पादकांवर आहे.