कॅम्प ग्रीन लेक

अमेरिकन लेखक लुई सॅकर (जन्म १९५४) यांच्या ‘होल्स’ (१९९८) या किशोर कादंबरीतील बालगुन्हेगारांची काल्पनिक छावणी. ती टेक्सास राज्यात आहे. तिथे तळे नाही; एकेकाळी राज्यातले सर्वांत मोठे गणले जाणारे तळे शंभराहून अधिक वर्षांपूर्वी आटले आणि त्याच्या भेगाळलेल्या तळावर ही छावणी उभी राहिली. कादंबरीला १९९८ चा नॅशनल बुक अवॉर्ड (किशोर साहित्य) आणि १९९९ चे न्यूबेरी पदक मिळाले. आपल्याला आधी पात्रे नव्हे तर जागा सुचली, असे सॅकर यांनी सांगितले आहे. मेन राज्यातल्या थंडाव्यातून टेक्सासच्या उन्हाळ्यात परतल्यावर त्यांनी हे लेखन हाती घेतले, आणि पुस्तकभर ते ऊन जाणवत राहते.

स्टॅन्ली येलनॅट्स या लठ्ठ, गरीब घरच्या मुलावर एका प्रसिद्ध बेसबॉलपटूचे बूट चोरल्याचा आळ येतो. चोर सोडून संन्याशाला फाशी, असाच हा न्याय. तुरुंग की छावणी, असे न्यायाधीश विचारतात. तो छावणी निवडतो. शिक्षा अठरा महिने. पहाटे साडेचारला उठायचे आणि रोज, शनिवार-रविवारसुद्धा, पाच फूट खोल आणि पाच फूट रुंद खड्डा खणायचा. माप म्हणजे हातातले फावडे. खणण्याने चारित्र्य घडते, असे मुलांना ऐकवले जाते. प्रत्यक्षात वॉर्डनबाईंना जमिनीत पुरलेला जुना ऐवज हवा आहे आणि त्यासाठी फुकटचे मजूर सरकारच पुरवते.

छावणीला कुंपण नाही, पहाऱ्याचे मनोरे नाहीत. आसपास शंभर मैलांत दुसरीकडे कुठेही पाणी नसल्याने त्यांची गरजच नाही. टँकर घेऊन येणारा मिस्टर सर मनात आले की एखाद्याची बाटली कोरडी ठेवतो; मारहाणीची फारशी गरज पडत नाही. सत्ता पाण्याच्या तोटीवर चालते, हे दुष्काळी मुलुखातल्या वाचकाला वेगळे समजावून सांगावे लागणार नाही. समुपदेशक पेंडान्स्की वरकरणी प्रेमळ वागतो. पण झिरो या अबोल मुलाला सर्वांत जास्त अपमान त्याच्याच तोंडून ऐकावा लागतो.

झिरोचे खरे नाव हेक्टर झेरोनी. त्याला लिहितावाचता येत नाही. तो स्टॅन्लीच्या खड्ड्यातला काही भाग खणून देतो आणि बदल्यात स्टॅन्ली त्याला अक्षरे शिकवतो. गोऱ्या मुलाचे काम काळ्याने करायचे, हे इतर मुलांच्या डोळ्यांत खुपते, आणि त्यांचे म्हणणे अगदीच चुकीचे नाही. सॅकर इथे कोणाचीही सोपी सुटका करत नाहीत. झिरो पळून जातो तेव्हा वॉर्डनबाई शोधपथक पाठवत नाहीत. त्याची चौकशी करणारे कोणीच नाही याची खात्री झाल्यावर त्या त्याच्या सगळ्या नोंदी नष्ट करायला सांगतात. पुस्तकातला सर्वांत भीषण प्रसंग हाच. पिवळ्या ठिपक्यांचे विषारी सरडे त्यापुढे फिके वाटतात. ते काल्पनिकही आहेत.

तळे आटण्यामागेही एक गुन्हा आहे. सॅम हा काळा कांदेविक्रेता आणि केट बार्लो ही गोरी शिक्षिका यांनी एकमेकांचे चुंबन घेतले म्हणून गावाने सॅमला ठार केले. त्यानंतर तिथे पाऊस पडला नाही. केट पुढे दरोडेखोर झाली. मुले खणत असलेली जमीन ही त्या हत्येची जागा आहे. सुधारायला पाठवलेल्या पोरांच्या फावड्याने मोठ्यांची जुनी पापे उकरली जातात, ही रचना या कादंबरीचे खरे बळ. शेवटी सगळे धागे जरा जास्तच नीटनेटके जुळतात, हा आक्षेप रास्त आहे. पण स्टॅन्लीच्या घराण्यावरच्या पिढीजात शापाची कथा सांगणाऱ्याला तेवढी सूट द्यावी लागते.

कादंबरीला वास्तवाचा आधार होता. अमेरिकेत १९८० च्या दशकात प्रौढ कैद्यांसाठी सुरू झालेले लष्करी शिस्तीचे ‘बूट कॅम्प’ १९९० च्या दशकात किशोरांसाठीही निघाले. फ्लॉरिडातील अशाच एका छावणीत पहारेकऱ्यांच्या मारहाणीनंतर १४ वर्षांच्या मुलाचा मृत्यू झाला आणि २००६ मध्ये त्या राज्याने हे कॅम्प बंद केले. त्याच राज्यातल्या डोझिअर सुधारशाळेच्या आवारात सापडलेल्या बेनाम कबरींवरून कोल्सन व्हाइटहेड यांनी ‘द निकेल बॉइज’ (२०१९) लिहिली. ती प्रौढांसाठी आहे आणि तिच्यात शाप उतरत नाही.

‘होल्स’वरचा चित्रपट २००३ मध्ये आला. दिग्दर्शन अँड्र्यू डेव्हिस यांचे, पटकथा स्वतः सॅकर यांची. शाया लबफ स्टॅन्ली झाला आणि सिगर्नी वीव्हर वॉर्डन. छावणीतून सुटलेल्या ‘आर्मपिट’ या मुलाचे पुढचे आयुष्य सॅकर यांनी ‘स्मॉल स्टेप्स’ (२००६) मध्ये मांडले. त्यात तो ऑस्टिन शहरात राहतो आणि पोटासाठी पुन्हा खणण्याचेच काम करतो.