जात्यावरची ओवी आणि होमरचा प्रश्न

वऱ्हाडात मंगरूळपीरसारख्या गावी आज घरात जाते असलेच, तर ते परसात उपडे पडलेले दिसते. पिठाच्या गिरणीने दळणाचे कष्ट वाचविले, आणि ते वाचले म्हणून कोणा बाईने कधी दुःख केल्याचे आम्ही ऐकलेले नाही. परंतु पहाटेच्या अंधारात दोघी समोरासमोर बसत, खुंट्याला हात लावीत आणि दाण्यांच्या मुठीबरोबर एकेक ओवी सोडीत, ती वेळही त्याच गिरणीने नाहीशी केली. लग्नघरी हळदीच्या दिवशी जात्याला मान मिळतो, चार ओव्या म्हटल्या जातात, इतकेच आता उरले आहे. त्या ऐकून शिकलेली माणसे कौतुकाने म्हणतात, "आजीला किती पाठ आहे!" या 'पाठ' शब्दापाशीच आमचे अडते.

त्याचा उलगडा व्हावा म्हणून थोडे दूर, ग्रीसपर्यंत जावे लागते. इलियड आणि ओदिसी या महाकाव्यांनी युरोपातील पंडितांना दीर्घकाळ कोड्यात टाकले होते. इलियडच्या ओळी साडेपंधरा हजारांहून अधिक. लेखनकला ग्रीकांमध्ये जेमतेम रुजत असता एवढे काव्य रचले कोणी आणि ते टिकले कसे? १७९५ साली फ्रीडरिख आउगुस्ट वोल्फ या जर्मन पंडिताने ही काव्ये एकाच कवीने आजच्या रूपात रचली हे मानण्यास हरकत घेतली. पुढे शंभरावर वर्षे कोणती ओळ मूळची आणि कोणती मागाहून चिकटविलेली, याचीच चिरफाड चालली होती. सारे वाचीत होते. ऐकत कोणीच नव्हते, असे म्हटले तर फारसे चूक होणार नाही.

मिल्मन पॅरी (१९०२–१९३५) या अमेरिकन तरुणाने १९२८ मध्ये पॅरिस येथे सादर केलेल्या प्रबंधांत निराळी वाट धरली. होमरचा अकिलीस स्वस्थ बसलेला असतानाही 'वेगवान पायांचा' असतो. हा कवीचा प्रमाद नव्हे. ओळीतील तेवढी जागा छंदात नेमकी भरून काढणारा तो तयार पदबंध आहे. असे शेकडो साचे पिढ्यान्‌पिढ्यांनी घडवून ठेवलेले असत, आणि त्यांच्या बळावर गायक उभ्या उभ्या काव्य रचीत असे. हे ताडून पाहण्यासाठी १९३३ ते १९३५ या काळात पॅरीने युगोस्लाव्हियातील जिवंत गायक गाठले. आल्बर्ट लॉर्ड हा त्याचा साहाय्यक. गाणी अॅल्युमिनियमच्या तबकड्यांवर उतरवून घेण्यात आली.

तेथे अव्दो मेद्येदोविच नावाचा एक गायक भेटला. धंद्याने खाटीक, अक्षरशत्रू, धर्माने मुसलमान. त्याने सांगितलेले एक गीत १२,३११ ओळींचे, म्हणजे जवळजवळ ओदिसीएवढे भरले. एकदा पॅरीने त्याच्यासमोर दुसऱ्या गायकाकडून त्याने कधीही न ऐकलेले गीत गाऊन घेतले. ते २,२९४ ओळींचे होते. संपताच त्याला विचारले, "हे तुम्हांला गाता येईल काय?" अव्दोने गायले, ते ६,३१३ ओळींचे झाले. कथा तीच, परंतु पात्रांची मने, वेश, घोडे, सारे उलगडत गेले. याच प्रदेशातील गायक मात्र शपथेवर सांगत की आम्ही शब्दास शब्द तेच गातो. ते खोटे बोलत नव्हते. त्यांच्या लेखी 'शब्द' म्हणजे कथेतील खरेपण होते. पॅरी अपघाती मृत्यू पावला, आणि लॉर्डने १९६० साली ग्रंथरूपाने हा विचार जगापुढे मांडला.

मौखिक ते सारे असेच बदलते, असे मात्र कोणी समजू नये. आपल्याच देशात वेदपाठकांनी पदपाठ, क्रमपाठ अशा युक्त्यांनी एकेक स्वर जसाच्या तसा राखला. त्याला खरोखर 'पाठ' म्हणावे. जात्यावरची ओवी त्या कुळातील नव्हे. ती अव्दोच्या कुळातील आहे.

हे आम्ही केवळ अंदाजाने म्हणत नाही. साने गुरुजी आणि डॉ. सरोजिनी बाबर यांनी स्त्रियांची गाणी गोळा केली, हे मराठी वाचकास ठाऊक आहे. त्यानंतर फ्रान्समधून येऊन भारतीय नागरिक झालेले गी प्वॉतवँ (१९३४–२००४) आणि हेमा राईरकर यांनी पुण्याहून जे काम उभे केले, त्याचा आवाका विलक्षण होता. मावळ-मुळशीच्या डोंगरी भागातील स्त्रियांपासून आरंभ होऊन एक लाखाहून अधिक ओव्या वह्यांत उतरल्या, आणि १९९० च्या दशकात बेर्नार बेल यांच्या साहाय्याने काही हजार ओव्यांचे ध्वनिमुद्रणही झाले. या ओव्या एकत्र पाहिल्या की साचा उघडा पडतो. भावाला, आईला, शेजारणीला घातलेली हाक ठरलेली असते. ओळीचा अर्धा भाग शेकडो बायांच्या तोंडी सारखा असतो. आणि उरलेल्या अर्ध्यात ती बाई आपले बोलते. सीतेच्या वनवासाच्या ओव्यांत सासुरवाशिणीचे दुःख येते. दलित स्त्रियांनी त्याच जुन्या चालीत बाबासाहेब आंबेडकरांना आणून बसविले. नुसत्या पाठांतराला हे कधीच साधले नसते.

आमच्या धर्मश्रद्धेशीही या शोधाचा संबंध पोहोचतो. मार्सेल जूस (१८८६–१९६१) हे फ्रेंच येशूसंघीय धर्मगुरू. आईच्या तोंडून ऐकलेल्या गाण्यांनी घडलेला हा शेतकऱ्याघरचा मुलगा. मौखिक शैलीवरील त्यांचे पुस्तक १९२५ साली निघाले, आणि प्रभू येशूची शिकवणही अशाच तालबद्ध, ऐकून धरून ठेवण्याच्या शैलीतील आहे, असे ते आयुष्यभर सांगत राहिले. प्रभूने शिकविलेली प्रार्थना मत्तयात लांब आणि लूकमध्ये आखूड का, शेवटच्या भोजनाचे शब्द चार ठिकाणी थोडे थोडे निराळे का, या प्रश्नांनी कित्येक भाविक अस्वस्थ होतात. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६५ मध्ये दैवी प्रकटीकरणाविषयीच्या दस्तऐवजात स्पष्ट केले, की प्रेषितांनी आधी तोंडी घोषणा केली आणि त्यातून निवड व जुळणी करून शुभवर्तमाने लिहिली गेली. होमर आणि शुभवर्तमान एका मापाने मोजता येणार नाहीत. येथे ऐकणारे साक्षीदार हयात असतानाच लेखन सुरू झाले होते. तरी शब्दांतील फरक म्हणजे विस्मरण, हा समज तरी सुटतो.

आमच्या वर्तुळात ओवी म्हटले की लगेच फादर थॉमस स्टीफन्स यांच्या 'क्रिस्तपुराणा'चे नाव निघते. सुमारे अकरा हजार ओव्यांचा हा ग्रंथ १६१६ साली छापला गेला. त्या शतकातील छापील प्रत आज एकही उपलब्ध नाही, आणि १९०७ ची मंगळूरची आवृत्ती हस्तलिखितांवरून सिद्ध झाली. भाविकांनी तो गाऊन जपला हे खरे. तथापि तो लेखणीने रचलेला आहे, त्याला मूळ संहिता आहे. जात्यावरच्या ओवीला अशी मूळ प्रत नसते. म्हणून एकीचे निकष दुसरीला लावून बायकांच्या ओव्या 'अशुद्ध' ठरविणे आम्हांस मान्य नाही.

अमरावती धर्मप्रांतातील आपल्या घरांत, मंगरूळपीरच्या आसपासही, ऐंशी ओलांडलेल्या आज्या अजून आहेत. जो कोणी वही घेऊन त्यांच्यापाशी बसेल, त्याने शक्य तर जाते समोर ठेवावे. हात फिरू लागल्यावाचून पुष्कळ ओव्या ओठांवर येत नाहीत. गाव, माहेर आणि गाणारीचे नाव लिहावे. वऱ्हाडी बोल पुस्तकी करू नये. आणि आजीने तीच ओवी दुसऱ्यांदा निराळी म्हटली, तर पहिली खोडू नये. खाली दुसरीही लिहावी.