पार्क ॲव्हेन्यू आर्मरी

न्यूयॉर्क शहरातील सेव्हन्थ रेजिमेंट या नागरी स्वयंसेवकांच्या पलटणीची शस्त्रागार व कवायतगृह असलेली ऐतिहासिक वास्तू. मॅनहॅटनमध्ये पार्क ॲव्हेन्यू व लेक्सिंग्टन ॲव्हेन्यू यांच्या दरम्यान ६६ व्या आणि ६७ व्या रस्त्यांमधील संपूर्ण जागा तिने व्यापली आहे. पलटणीतील माजी सैनिक चार्ल्स क्लिंटन हे तिचे वास्तुशिल्पी. १८७७ मध्ये कोनशिला बसली व १८८० मध्ये इमारत वापरात आली. पलटणीत शहरातील धनाढ्य घराण्यांतील तरुणांचा भरणा असल्याने बांधकामाचा बराचसा खर्च खाजगी देणग्यांतून भागला.

सुमारे ५५,००० चौ. फुटांचे कवायतगृह हा वास्तूचा गाभा होय. त्याचे सुमारे ८० फूट उंच छत लोखंडी कमानींवर पेललेले असून मध्ये एकही खांब नाही; त्यामुळे तुकड्यांना कोणत्याही ऋतूत अडथळ्याविना संचलन करता येई. पुढील भागातील ‘व्हेटरन्स रूम’ व ग्रंथालय यांची सजावट लुई टिफनी व सहकाऱ्यांनी केली. त्या काळातील अमेरिकन अंतर्गत सजावटीचा हा अमोल ठेवा आहे.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात वास्तूची पडझड झाली. १९८६ मध्ये तिला राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळाचा दर्जा मिळाला. २००७ पासून जीर्णोद्धाराबरोबरच येथे संगीत, नाट्य व दृश्यकलांचे भव्य प्रयोग होऊ लागले. चार भिंतींच्या नेहमीच्या रंगमंचावर न मावणाऱ्या कलाकृतींना या कवायतगृहाने हक्काची जागा दिली.