हुसेन, मकबूल फिदा : सेरिग्राफ
(१९१५–२०११). भारतीय चित्रकार. जन्म पंढरपूर (जि. सोलापूर). उमेदवारीत मुंबईत सिनेमाचे फलक रंगवले. १९४७ मध्ये प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपच्या संस्थापकांपैकी एक.

त्यांच्या चित्रांतले घोडे आणि मदर तेरेसा सेरिग्राफ, म्हणजे कलात्मक स्क्रीन प्रिंट, म्हणूनही गाजले. तंत्र लग्नपत्रिका छापणाऱ्याचेच: ताणलेल्या जाळीचा नको तो भाग बुजवायचा, रबरी पट्टीने शाई दाबून कागदावर उतरवायची, साधारणपणे दर रंगाला वेगळी जाळी. फरक प्रतींच्या ठरावीक संख्येत, प्रत्येकीवरच्या क्रमांकात आणि चित्रकाराच्या सहीत.

ठसठशीत रेषा व सपाट रंग या माध्यमाला मानवतात. हुसेनांकडे दोन्ही मुबलक होते. मूळ कॅनव्हास न परवडणाऱ्यांपर्यंत ते सेरिग्राफमुळेही पोहोचले. मृत्यू लंडन येथे.