चौकात न थांबलेली मिरवणूक

‘सार्वजनिक’ हा आपल्या रोजच्या वापरातला शब्द. सार्वजनिक नळ, सार्वजनिक वाचनालय, सार्वजनिक रस्ता. जे सर्वांचं, ते सार्वजनिक, असा त्याचा साधा अर्थ. पण पाणवठा सार्वजनिक असूनही काहींना तिथं ओंजळ भरता येत नव्हती, ही हकीकत आपल्याला नवी नाही. आज मी तुम्हाला अशाच एका सार्वजनिक हायस्कूलची गोष्ट सांगणार आहे. हायस्कूल अमेरिकेतलं आहे. सरकारी शाळामंडळानं ते बांधलं, आणि पुढं त्याच शाळेच्या मुलांना ‘तुमची शाळा सार्वजनिक नाही’ असं सांगून स्पर्धेबाहेर ठेवण्यात आलं.

या शाळेचं नाव क्रिस्पस ॲटक्स हायस्कूल. शहर इंडियानापोलिस, म्हणजे इंडियाना राज्याची राजधानी.

१८७३ साली जोतीराव फुल्यांनी आपला ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अमेरिकेतल्या गुलामांना मुक्त करणाऱ्या सज्जन लोकांना अर्पण केला होता. इंडियाना हे यादवी युद्धात गुलामगिरीच्या विरोधी बाजूनं लढलेलं राज्य. पण त्या मुक्तीला साठेक वर्षं होत आली तेव्हा तिथलं वारं फिरलं होतं. १९२०च्या दशकात कु क्लक्स क्लॅन या गोऱ्या वर्चस्ववादी संघटनेचा इंडियानात फार जोर होता. तोवर इंडियानापोलिसच्या हायस्कुलांत गोरी आणि कृष्णवर्णीय मुलं एकत्र शिकत होती. १९२२ साली शहराच्या शाळामंडळानं कृष्णवर्णीय मुलांसाठी वेगळं हायस्कूल बांधायचं ठरवलं. कृष्णवर्णीय पालकांनी विरोध केला, पण त्यांचं कुणी ऐकलं नाही. सप्टेंबर १९२७ मध्ये शाळा उघडली. शहराच्या कोणत्याही टोकाला राहत असलं तरी कृष्णवर्णीय मुलानं याच शाळेत यायचं, असा नियम झाला. इमारत पहिल्याच वर्षी अपुरी पडली.

शाळेला आधी अमेरिकेचे तिसरे राष्ट्राध्यक्ष थॉमस जेफरसन यांचं नाव द्यायचं घाटत होतं. जेफरसन स्वतः गुलामांचे मालक होते. कृष्णवर्णीय समाजानं अर्जविनंत्या करून ते बदलून घेतलं आणि क्रिस्पस ॲटक्स हे नाव दिलं. ५ मार्च १७७० रोजी बॉस्टनमध्ये ब्रिटिश सैनिकांनी जमावावर गोळ्या झाडल्या. त्यात पहिला बळी गेला तो ॲटक्स हा कृष्णवर्णीय खलाशी. अमेरिकेच्या स्वातंत्र्यासाठी सांडलेलं पहिलं रक्त आमचं होतं, हे या पालकांनी शाळेच्या दारावरच लिहून ठेवलं.

दूर ठेवण्यासाठी बांधलेली शाळा बघता बघता अभिमानाची जागा झाली. याला एक विचित्र कारण होतं. उच्च पदव्या घेतलेल्या कृष्णवर्णीय विद्वानांना तेव्हा गोऱ्यांच्या विद्यापीठांत नोकरी मिळत नसे. असे अनेक जण ॲटक्समध्ये शिकवायला आले. ज्या तोडीचे शिक्षक शहरातल्या गोऱ्या शाळांनाही सहजी मिळाले नसते, ते या मुलांना मिळाले.

आता खेळाकडे वळू. आपल्याकडे कोल्हापूर म्हटलं की कुस्ती, तसं अमेरिकेत इंडियाना म्हटलं की बास्केटबॉल. त्या राज्यात अशी छोटी गावं आहेत, जिथं गावाच्या लोकसंख्येपेक्षा शाळेच्या बास्केटबॉल सभागृहातल्या खुर्च्या जास्त. १९५०च्या दशकात राज्याच्या शालेय स्पर्धेत सातशेहून अधिक शाळा उतरत. लहान शाळा, मोठी शाळा असा भेद नव्हता. सगळ्यांसाठी एकच स्पर्धा आणि एकच अजिंक्यपद.

या स्पर्धेचं दार ॲटक्सला मात्र बंद होतं. राज्याच्या शालेय क्रीडा संघटनेचं म्हणणं असं, की या शाळेत फक्त कृष्णवर्णीय मुलं आहेत, ती सर्वांना खुली नाही, म्हणून ती सार्वजनिक शाळा नव्हे. या युक्तिवादातला कावा पाहा. गोऱ्या मुलांना तिथं जाऊ न देणारं शाळामंडळ, आणि त्याची शिक्षा भोगायची ती कृष्णवर्णीय मुलांनी! कॅथलिक शाळांनाही याच पद्धतीनं बाहेर ठेवलं होतं. अखेर १९४२ साली संघटनेनं या सर्व शाळांना सदस्यत्व दिलं. म्हणजे शाळा सुरू झाल्यापासून पंधरा वर्षं ॲटक्सच्या मुलांना राज्यस्पर्धेचं तोंड पाहता आलं नव्हतं.

ती पंधरा वर्षं ही मुलं बसमध्ये बसून शेजारच्या राज्यांतल्या कृष्णवर्णीय शाळांशी खेळायला जात. खेडेगावातल्या ज्या थोड्या गोऱ्या शाळा तयार होत, त्यांच्याशीही खेळत. वाटेत हॉटेलात जेवायला मिळेल याची खात्री नसे. स्वतःच्या शाळेतलं सभागृह इतकं लहान, की तिथं मोठा सामना भरवता येत नसे. या शाळेची क्रीडापरंपरा अशी प्रवासात घडली.

सुरुवातीची शिकवणही वेगळी होती. प्राचार्य रसेल लेन १९३० ते १९५७ एवढा प्रदीर्घ काळ शाळेचे प्रमुख होते. खेळाडूंनी पंचांशी हुज्जत घालू नये, धक्काबुक्की टाळावी, गोऱ्या प्रेक्षकांना राग येईल असं काही करू नये, असा त्यांचा आग्रह असे. यात भित्रेपणा होता असं मला वाटत नाही. एका मुलाच्या चुकीची किंमत अख्ख्या समाजाला मोजावी लागते, हे ज्यांनी पाहिलंय, त्यांचं ते शहाणपण होतं. अल्पसंख्य समाजातल्या घरांत मुलांना हे धडे आजही दिले जातात. पण अंग चोरून खेळणारा खेळाडू जिंकत नाही, हेही तितकंच खरं.

१९५० साली रे क्रो हे गृहस्थ संघाचे मुख्य प्रशिक्षक झाले. ते इंडियानाच्याच एका शेतावर, गोऱ्या शेजाऱ्यांमध्ये वाढलेले होते. त्यांनी मुलांची शिस्त तशीच ठेवली, पण हातपाय मोकळे केले. पंचाचा एखादा निर्णय आपल्या विरुद्ध गेला तरी फरक पडू नये, इतकी आघाडी आधीच घ्या, हे त्यांचं धोरण. १९५१ साली अँडरसनच्या संघाविरुद्ध अगदी शेवटच्या क्षणी बेली रॉबर्टसन या मुलानं चेंडू टाकला आणि ॲटक्सनं ८१–८० असा सामना जिंकला. त्या वर्षी संघ राज्याच्या उपांत्य फेरीपर्यंत गेला. तेव्हा हे सामने बटलर विद्यापीठाच्या सुमारे पंधरा हजार आसनांच्या सभागृहात होत. ॲटक्स आपले इतर सामनेही तिथं भरवू लागली. ज्या शाळेशी खेळायला कुणी तयार नसे, तिच्या सामन्यांना आता गोरे प्रेक्षकही तिकीट काढून येत होते.

या बेलीचा धाकटा भाऊ म्हणजे ऑस्कर रॉबर्टसन. घरची गरिबी. चेंडू नाही म्हणून चिंध्या रबरानं बांधून तो घरामागच्या टोपलीत टाकत असे. शाळेजवळच्या वस्तीत एक मातीचं मैदान होतं, तिथल्या धुळीमुळं लोक त्याला ‘डस्ट बोल’ म्हणत. ऑस्कर तिथं मोठ्या मुलांत खेळून तयार झाला. १९५४ साली तो संघात आला, पण त्या वर्षी मायलन नावाच्या खेड्यातल्या शाळेनं ॲटक्सला हरवलं आणि पुढं अजिंक्यपदही मिळवलं. मायलनच्या त्या विजयावरून ‘हूझिअर्स’ हा प्रसिद्ध चित्रपट १९८६ साली निघाला.

१९५५ साली ॲटक्सनं फक्त एक सामना गमावला. मन्सी सेंट्रलला ७१–७० असं निसटतं हरवून संघ पुढं गेला. १९ मार्चच्या अंतिम सामन्यात समोर होती गॅरी शहरातली रूझवेल्ट, तीही कृष्णवर्णीयांची शाळा. ॲटक्सनं ९७–७४ असा विजय मिळवला. सर्वांना खुल्या असलेल्या राज्यस्पर्धेत अजिंक्य ठरलेली ती अमेरिकेतली पहिली कृष्णवर्णीय शाळा. शिवाय इंडियानापोलिस शहराला या स्पर्धेत मिळालेलं हे पहिलंच अजिंक्यपद! विजय ठरल्यासारखा झाला की ॲटक्सचे पाठीराखे ‘क्रेझी साँग’ नावाचं शाळेचं गाणं म्हणत. त्या रात्री ते किती मोठ्यानं म्हटलं गेलं असेल, याची कल्पनाच करावी.

आता मुद्द्याची गोष्ट. इंडियानापोलिसच्या मधोमध एक गोल चौक आहे, मध्ये उंच स्मारक. विजेत्या संघाला अग्निशमन दलाच्या गाडीवर बसवून या चौकात आणायचं, तिथं जल्लोष करायचा, अशी रीत. ॲटक्सच्या मुलांनाही गाडीवर बसवलं. पण शहरातल्या अधिकाऱ्यांना दंगलीची धास्ती वाटत होती. गाडीनं चौकाला एक फेरी घातली आणि न थांबता ती मुलांना घेऊन कृष्णवर्णीयांच्या वस्तीतल्या नॉर्थवेस्टर्न पार्ककडे गेली. तिथं तुमचं तुम्ही काय ते साजरं करा, असा त्याचा अर्थ. सोळा वर्षांच्या ऑस्करला तो कळला. २००३ साली आलेल्या आत्मचरित्रात, जवळपास पन्नास वर्षांनी, त्यानं ही जखम उघडी करून दाखवली आहे.

पुढच्या वर्षी, १९५६ साली, ॲटक्सनं सगळेच्या सगळे ३१ सामने जिंकले. एकही सामना न हरता अजिंक्य ठरलेला तो इंडियानातला पहिला संघ. १९५९ साली बिल गॅरेट यांच्या मार्गदर्शनाखाली तिसरं अजिंक्यपद आलं. क्रो यांच्या सात वर्षांत संघानं १७९ सामने जिंकले आणि अवघे २० गमावले. ऑस्करनं १९६० च्या रोम ऑलिंपिकमध्ये सुवर्णपदक मिळवलं. व्यावसायिक खेळाडूंच्या संघटनेचा अध्यक्ष असताना १९७० साली त्यानं लीगविरुद्ध दावा लावला. १९७६ साली तडजोड झाली आणि खेळाडूंना आपला संघ निवडण्याचं स्वातंत्र्य मिळण्याची वाट मोकळी झाली. ती न थांबलेली गाडी त्याच्या मनात कुठंतरी चालूच राहिली असावी, असं मला वाटतं.

आणि शाळेचं काय झालं? इंडियानात १९४९ साली कायद्यानं शाळांमधला वर्णभेद बंद झाला. पण गोरी मुलं ॲटक्समध्ये आली नाहीत. पुढं १९६८ साली केंद्र सरकारनं शाळामंडळावर खटला भरला आणि १९७१ साली न्यायालयानं मंडळाला दोषी ठरवलं. १९८१ पासून कृष्णवर्णीय मुलांना बसनं गोऱ्या उपनगरांतल्या शाळांत पाठवायला सुरुवात झाली. बस एकाच दिशेनं जात. न्याय आला, पण त्यासाठी घर सोडायचं होतं ते पुन्हा त्याच मुलांना. ॲटक्सचे वर्ग रोडावले. १९८६ साली तिचं हायस्कूलपण काढून घेतलं गेलं आणि ती खालच्या वर्गांची शाळा झाली. मायलनच्या विजयाचा चित्रपट आला, तेच हे वर्ष. त्या चित्रपटात अंतिम सामना हरणाऱ्या संघाच्या प्रशिक्षकाची भूमिका केली आहे खुद्द रे क्रो यांनी, आणि त्यांच्या शेजारी बसला आहे बेली रॉबर्टसन. ज्यांनी राज्य जिंकून दाखवलं, ते पडद्यावर दुसऱ्याच्या विजयात हरताना दिसतात.

पण शाळा संपली नाही. १९९८ साली तिथं तिच्या इतिहासाचं संग्रहालय सुरू झालं. २००६ साली वैद्यकीय शिक्षणाकडे जाणाऱ्या मुलांसाठी ती पुन्हा हायस्कूल झाली. २०१७ साली तिच्या संघानं आपल्या गटात ७३–७१ अशा फरकानं पुन्हा राज्यस्पर्धा जिंकली. त्याआधी, २०१५ साली, शहरानं १९५५ च्या संघाला आपल्या सर्वांत मोठ्या मिरवणुकीत अग्रमान दिला. मिरवणूक साठ वर्षं उशिरा निघाली. मुलं ऐंशीच्या उंबरठ्यावर पोचली होती, रे क्रो २००३ सालीच वारले होते.

शाळेची क्रीडापरंपरा म्हटलं की आपण कपाटातल्या ढाली मोजतो. त्या मोजाव्यातच. पण ढाल जिंकून आणणारा मुलगा कुठल्या वस्तीतला आहे, आणि गावच्या चौकात त्याच्यासाठी गाडी थांबते का, हेही पाहावं. आपल्याही गावात सार्वजनिक शाळा आहेत आणि चौकही आहेत.