राजा कोंडलेला, राज्य वाढलेलं

परवा पुण्याहून नातीचा फोन आला. वय वर्षे तेरा. पोरीनं एका वहीत अख्खं कल्पित राज्य उभं केलंय, नकाशासकट. नद्या, गड, उडते घोडे, राजांची वंशावळ, सगळं आहे त्यात. पण त्या राज्याच्या इतिहासातल्या एका काळावरून तिचा मैत्रिणींशी वाद झाला. त्या काळात शाळा निघतात, मोठमोठे वाडे उठतात, आणि नेमका तेव्हाच राजा कैदेत असतो. मैत्रिणी म्हणाल्या, "असं कुठं असतं होय? एक तर सुवर्णकाळ लिही, नाहीतर अंधारयुग."

"आबा, तुम्ही इतिहास शिकवलाय. असं खरंच कधी झालंय का?"

म्हटलं, "झालंय की बाळ. आपल्याच कोल्हापुरात."

फोनवर मावलं तेवढं सांगितलं. उरलेलं इथं लिहितो, कारण त्यात माझाही एक हिशेब राहिलेला आहे.

१८७० साली कोल्हापूरचे राजाराम महाराज विलायतेला गेले. परतताना इटलीत फ्लॉरेन्स मुक्कामी ३० नोव्हेंबरला त्यांचं निधन झालं. तिथंच आर्नो नदीच्या काठी त्यांना अग्नी दिला. त्यांची छत्री आजही तिथं उभी आहे. पोटी मुलगा नव्हता, म्हणून १८७१ मध्ये सावंत-भोसले घराण्यातला एक लहान मुलगा दत्तक घेतला. हे आपले चौथे शिवाजी महाराज. गादीवर बसले तेव्हा वय आठ.

राजा अज्ञान, म्हणून कारभार इंग्रजांच्या देखरेखीखाली. आणि हे मान्य करायला हवं की कारभार झाला. टाऊन हॉल उभा राहिला तो याच काळात, १८७२ ते १८७६. आज आपण तिथं वस्तुसंग्रहालय बघायला जातो. १८७७ ला नव्या राजवाड्याचं काम निघालं. १८८० ला राजाराम कॉलेज निघालं. नामदार गोखले काही काळ तिथं शिकले. आमच्या पिढीतल्या कितीजणांनी त्या कॉलेजच्या पायऱ्या झिजवल्यात!

आता दुसरं पान. हा सगळा पसारा ज्याच्या नावानं चालला होता, त्या मुलाचं काय झालं? इंग्रज पालक नेमले, शिस्त लावली, आणि पुढं महाराजांचं डोकं ठिकाणावर नाही असं ठरलं. वेड खरं की लादलेलं, यावर तेव्हाही वाद होता. महाराजांचा छळ होतो अशी कुजबुज पार पुण्यापर्यंत गेली. १८८१ च्या जानेवारीत सुरू झालेल्या 'केसरी'त आणि 'मराठा'त टिळक-आगरकरांनी त्यावर जोरात लिहिलं. कारभारी माधवराव बर्वे यांच्यावर आरोप केले. बर्व्यांनी अब्रुनुकसानीचा खटला भरला. ज्या पत्रांवर भिस्त होती ती बनावट निघाली, आणि जुलै १८८२ मध्ये दोघांना चार महिन्यांची शिक्षा झाली. पुढं आगरकरांनी 'डोंगरीच्या तुरुंगातील आमचे १०१ दिवस' हे पुस्तक लिहिलं, ते याच तुरुंगवासावर.

म्हणजे पुरावा खोटा, शिक्षा कायदेशीर. बर्व्यांवरचा आरोप कोर्टात टिकला नाही, तो टिकला नाहीच. पण राजाच्या जिवाची जी काळजी होती, ती खोटी ठरली का? महाराजांना अहमदनगरच्या (आजचं अहिल्यानगर) किल्ल्यात ठेवलं होतं. तिथं २५ डिसेंबर १८८३ ला, ऐन नाताळात, पहाऱ्यावरच्या ग्रीन नावाच्या गोऱ्या शिपायाशी झटापट झाली आणि त्यातच महाराज गेले. राजाराम महाराज आणि हे, दोघेही जेमतेम विशीतले.

नवा राजवाडा पुरा झाला १८८४ ला.

हे दोन सन शेजारी शेजारी लिहून बघा.

गंमत म्हणा, दैव म्हणा, गोष्ट इथं संपत नाही. १७ मार्च १८८४ ला कागलच्या घाटग्यांचा मुलगा दत्तक आला. तेच आपले शाहू महाराज. त्यांनाही घरापासून लांब राजकोटला ठेवलं, पुढं धारवाडला फ्रेझरसाहेबांच्या हाताखाली शिकवलं. म्हणजे मुलगा लहान, पालक गोरा, शिस्त परकी, पद्धत बरीचशी तीच. एक मुलगा त्यात मोडला. दुसरा २ एप्रिल १८९४ ला राजा झाला, १९०२ ला मागासलेल्यांसाठी निम्म्या जागा राखून ठेवल्या, १९१७ ला प्राथमिक शिक्षण सक्तीचं नि मोफत केलं. त्या पद्धतीला आता काय म्हणायचं? चांगली की वाईट? मला अजून एका शब्दात सांगता येत नाही.

आता माझा हिशेब. बरीच वर्षं झाली. सातवीचा वर्ग घेऊन नवा राजवाडा दाखवायला गेलो होतो. मनोऱ्यावरचं घड्याळ दाखवलं, सन सांगितले. एका पोरानं विचारलं, "गुरुजी, वाडा बांधत होते तेव्हा राजा कुठं राहत होता?"

मला उत्तर माहीत होतं. पण समोर हत्तीचे, हौद्याचे, शाहू महाराजांचे फोटो बघायला पोरं आतुरलेली. मी म्हटलं, "ते परीक्षेला नाही, चला पुढं." पोरगं गप्प बसलं. पुन्हा त्यानं काही विचारलं नाही.

मी खोटं सांगितलं नाही. पण एकच पान वाचून दाखवलं, आणि तसं अनेक वर्षं दाखवलं. वाड्याचा मला अभिमान आहे, आजही आहे. पण वाड्याचं बांधकाम सांगायचं आणि नगरचा किल्ला गाळायचा, हा इतिहास नव्हे, ती जाहिरात. आणि किल्लाच सांगून कॉलेज गाळायचं, तर तीही उलटी जाहिरातच.

नातीला सांगितलं, काळाला नाव द्यायची घाई करू नकोस. डाव्या पानावर वाडा काढ, उजव्या पानावर कोठडी काढ, आणि वही उघडी ठेव.

तिनं विचारलं, "आणि त्या काळाचं नाव काय ठेवू?"

"राजाचं नाव दे," म्हटलं. "तेवढं तरी त्याला मिळू दे."

सातवीतला तो मुलगा आता पन्नाशीला आला असेल. कुठं आहे ठाऊक नाही. चुकून हे वाचलंस तर बाळा, तुझ्या प्रश्नाचं उत्तर वर दिलंय. उशीर झाला, माफ कर.