कागद

आमच्या सिरसाळ्याला माझ्या वर्गात एक मुलगा होता. बोलत नसे, नजरेला नजर देत नसे. दसरा झाला, आईबाप ऊसतोडीला गेले. आणि याने खडूने भिंत भरवली. बैलगाडी, पुन्हा बैलगाडी. मी खडू काढून घेतला. शिस्त म्हणजे शिस्त!

पुढे वाचनात आले, की अशा 11 मुलांची हकीकत लिओ कॅनर या डॉक्टरांनी 1943 साली अमेरिकेत प्रसिद्ध केली. ‘ऑटिझम’ हे नाव त्यांनीच रूढ केले, मराठीत स्वमग्नता. मुले त्याआधीही होतीच. वेडा म्हटले, की गाव मोकळे!

लंडनचा स्टीफन विल्टशर 1974 चा. पाच वर्षांचा झाला तरी बोलेना. चित्रे मात्र अखंड. शिक्षकांनी युक्ती केली. चित्रांचे साहित्य दडवले, त्याने मागावे म्हणून. अखेर तोंडून पहिला शब्द फुटला: ‘पेपर’! याच स्टीफनने 2005 मध्ये हेलिकॉप्टरमधून पाहिलेले टोकियो शहर 10 मीटर लांब पटावर नुसत्या आठवणीने उतरवले.

काढून त्यांनीही घेतले, मीही. त्यांना मुलाचे मागणे ऐकायचे होते. मला भिंत स्वच्छ हवी होती.

आमचा मुलगा स्वमग्न होता का, हे सांगणारे तेव्हा इथे कोणी नव्हते. भिंत वाचली ती त्याच्या आजीने. कोपऱ्यातल्या झाडावर बोट ठेवून म्हणाली, “गुर्जी, ह्यो आमच्या दारचा लिंब. समद्या गाड्यांची तोंडं तिकडंच हायती, बघा.”

खडू माझ्या खिशातच होता.